धुरा कुणाच्या वावरात?

हा अंक हाती पडेल तेव्हा बुलढाणा जिल्ह्यात सोयाबीन निघालेलं असेल, कपाशीची वेचणी सुरू असेल आणि ज्यांच्या विहिरीला पाणी आहे ते हरभऱ्यासाठी वावर तयार करत असतील. ट्रॅक्टर पुन्हा वावरात उतरण्याचे हे दिवस. फाळ धुऱ्याच्या किती जवळून फिरला, यावरून दोन शेजाऱ्यांत बोलाचाली होण्याचेही हेच दिवस. तसे दिवस वर्षातून दोनदा येतात, एकदा मृगाच्या पेरणीला आणि एकदा रब्बीच्या मशागतीला. बाकीच्या महाराष्ट्रात ज्याला बांध म्हणतात, तो वऱ्हाडात धुरा. धुरा कोरला, धुरा फोडला, धुऱ्यावरचं बाभळीचं झाड तोडलं अशा तक्रारी घेऊन माणसं आधी पोलीस पाटलाकडे जातात, मग ठाण्यात, मग तहसीलला आणि शेवटी वकिलाच्या टेबलापाशी.

भांडण किती जमिनीचं असतं, हे एकदा मांडून पाहावं. धुरा दोनशे मीटर लांब आहे आणि तो अर्धा मीटर सरकला, असं धरू. दोनशे गुणिले अर्धा म्हणजे शंभर चौरस मीटर, म्हणजे एक आर. गुंठ्याच्या हिशेबात जेमतेम एक गुंठा. कोरडवाहू वावरातल्या एका गुंठ्यात सोयाबीन किती पिकेल, हे शेतकऱ्याला सांगायला नको. तरीही त्या गुंठ्यासाठी डोकी फुटतात, खुनाच्या प्रयत्नाचं कलम लागतं, घरातला कर्ता माणूस आत जातो. गुंठ्याची किंमत बाजारभावात मोजणाऱ्याला हे वेडेपण वाटेल. ते वेडेपण नाही. ज्याच्याकडे एकूण जमीनच दोन-अडीच एकर आहे, त्याच्या धुऱ्यावर दरवर्षी एक तास जास्त घातला जातो आणि तो गप्प बसतो, तेव्हा गावात त्याची काय पत उरते, हा त्याच्यापुढचा प्रश्न असतो. न्याय मागायला तो निघतो, तो या कारणाने. आणि कायद्याच्या वाटेवर त्याची जी फरफट होते, ती बहुतेक वेळा टाळता येण्यासारखी असते. हा लेख त्यासाठीच लिहिला आहे.

जिल्ह्याची जमीनच हद्दीला फारशी साथ देत नाही. अजिंठ्याच्या डोंगररांगेने बुलढाण्याचे दोन भाग केले आहेत. बुलढाणा, चिखली, मेहकर, लोणार, सिंदखेड राजा, देऊळगाव राजा हा घाटावरचा मुलूख, आणि मलकापूर, नांदुरा, शेगाव, जळगाव जामोद, संग्रामपूर हा घाटाखालचा, पूर्णेच्या खोऱ्यातला. घाटाखालची काळी रेगड उन्हाळ्यात भेगाळते आणि पावसाळ्यात फुगते. या हालचालीत हद्दीचा दगड कलतो, खचतो, मातीत जातो. घाटावर उताराची जमीन, तिथे पाण्याचा लोंढा धुऱ्याला बगल देतो आणि नवीनच घळ पाडतो. जुलै २०२३ मध्ये संग्रामपूर आणि जळगाव जामोद तालुक्यांत एका दिवसाच्या पावसाने नद्या-नाल्यांकाठच्या जमिनी खरडून नेल्या. अशा वावरात पाणी ओसरल्यावर माती राहत नाही, पीक राहत नाही आणि कुणाचं कुठे संपतं हे सांगणारी खूणही राहत नाही. त्यात घाटावरच्या तालुक्यांतून समृद्धी महामार्ग गेला. जमीन संपादनात गुंठ्या-गुंठ्याचा मोबदला मिळाला, तेव्हा कागदावरची हद्द आणि जागेवरची वहिवाट यांतला फरक अनेकांना पहिल्यांदा पैशांत दिसला.

मग कागदावरची हद्द आली कुठून? वऱ्हाड १८५३ च्या तहाने निजामाकडून इंग्रजांच्या कारभारात आला. त्यानंतरच्या दशकांत इथे मुंबई पद्धतीची रयतवारी मोजणी झाली. इंदापुरात १८३० च्या दशकात गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी बसवलेली तीच पद्धत. त्याआधी गावाची शीव कुठून जाते हे सांगण्याचा मान महार वतनदाराचा होता. शिवेच्या भांडणात त्याची साक्ष मोलाची मानली जाई. इंग्रजी मोजणीने ती साक्ष कागदावर आणली आणि गावाची जमीन सर्व्हे नंबरांत बांधली.

ती मोजणी साखळीची होती. साखळी तेहतीस फुटांची, तिचे सोळा आणे. एक साखळी लांब आणि एक साखळी रुंद चौकोन म्हणजे एक गुंठा, १०८९ चौरस फूट. आजही सातबाऱ्याचं गणित करताना जो १०८९ चा आकडा तोंडात येतो, तो या साखळीचा आहे. असे चाळीस गुंठे म्हणजे एकर. प्रत्येक सर्व्हे नंबराचं एक टिपण काढलं गेलं. वावराच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत एक सरळ रेषा टाकायची, त्या रेषेवर अमुक साखळी अमुक आण्यावर उभं राहायचं, तिथून काटकोनात डावीकडे-उजवीकडे कोपऱ्यापर्यंतचं अंतर मोजायचं आणि लिहून ठेवायचं. टिपणावर दिसतात त्या एवढ्याच गोष्टी, एक रेषा, तिला फुटलेले फाटे आणि त्यांवरचे बारीक आकडे. पण हेच आकडे हातात घेऊन आजचा भूकरमापक तुमच्या वावरात उभा राहतो आणि हद्द पुन्हा जमिनीवर उतरवतो. सातबारा जमीन कुणाची आणि किती ते सांगतो. ती नेमकी कुठे आहे, हे सांगण्याची ताकद टिपणात, गटाच्या नकाशात आणि पोटहिस्सा पडला असेल तर फाळणीच्या नकाशात असते. धुऱ्याचं भांडण घेऊन जाणाऱ्या दहांतल्या नऊ जणांच्या पिशवीत सातबारा आणि आठ-अ असतो, टिपण नसतं. पहिली चूक इथेच होते, म्हणून हे आधी सांगितलं.

टिपणाची नक्कल तालुक्याच्या उपअधीक्षक भूमी अभिलेख कार्यालयात मिळते. मोजणीचा अर्जही तिथेच, आता ई-मोजणीवर ऑनलाइन. अर्जात मोजणीचा प्रकार लिहायचा असतो, आणि धुऱ्याच्या वादात तो ‘हद्द कायम’ असाच लिहावा लागतो. डिसेंबर २०२४ पासून नियमित आणि द्रुतगती असे दोनच वेग उरले आहेत. ग्रामीण भागात दोन हेक्टरपर्यंत नियमितला दोन हजार आणि द्रुतगतीला आठ हजार रुपये फी. अर्जात चारही बाजूंच्या धुरेकऱ्यांची नावं आणि पत्ते द्यावे लागतात. हा रकाना लोक घाईघाईत भरतात. कुणी वारलेल्या माणसाचं नाव टाकतो, कुणी मुंबई-पुण्याला गेलेल्या भावाला वगळतो. पुढे कोर्टात मोजणी मोडून काढायची असते तेव्हा समोरचा वकील पहिला प्रश्न हाच विचारतो, की माझ्या अशिलाला नोटीस कधी आणि कशी मिळाली? नोटीस नसेल तर नकाशा कितीही अचूक असो, त्याच्यावर विसंबणं न्यायाधीशाला अवघड जातं.

मोजणीच्या दिवशी सकाळी निम्मं गाव धुऱ्यावर जमतं. भूकरमापक आधी वावरात शिरत नाही, तो जुन्या खुणा शोधतो. तीन गावांच्या शिवा जिथे मिळतात तिथला दगड, जुन्या विहिरीचा काठ, नाल्याचा वळसा, शेजारच्या सर्व्हे नंबराचा शाबूत कोपरा. टिपणाला जुळणाऱ्या दोन-तीन पक्क्या जागा सापडल्या की बाकीची हद्द त्यांच्यावरून बसवता येते. पूर्वी हे शंकू-साखळी आणि फलकयंत्राने होई. आता खांबावर बसवलेला रोव्हर उपग्रहाकडून जागा घेतो. यंत्र कोपऱ्याची जागा काही सेंटिमीटरच्या आत सांगतं. पण लक्षात ठेवायची गोष्ट ही, की यंत्र आजची जागा अचूक सांगतं, जुना कोपरा कुठे होता हे त्याला टिपणानेच सांगावं लागतं. टिपण फाटलेलं असेल, जुनी खूण एकही उरलेली नसेल, तर रोव्हर महागडा असून उपयोग नाही. त्यामुळे हद्द बसवताना भूकरमापक कुठल्या खुणांवरून निघाला, हे तिथल्या तिथे विचारून जबाबात लिहवून घ्यावं. शेजाऱ्याला हरकत असेल तर त्यानेही ती लेखी द्यावी. पंचनाम्यावर सही न करता तावातावाने निघून जाणाऱ्याचं म्हणणं कागदावर येतच नाही.

उभ्या पिकात मोजणी होत नाही, झाली तर तुडवणीवरून नवं भांडण उभं राहतं. म्हणून फाल्गुन-चैत्रात वावर मोकळं असताना अर्ज निघालेला बरा. जूनमध्ये धुरा फोडला म्हणून जूनमध्येच मोजणी मागणाऱ्याला पेरणी उरकेपर्यंत थांबावं लागतं, आणि तेवढ्या दिवसांत व्हायचं ते होऊन जातं.

मोजणी पटली नाही तर तिच्यावर वरच्या अधिकाऱ्याकडून निमताना मोजणी, म्हणजे फेरमोजणी, मागता येते. पटली तर मोजणीच्या नकाशाची ‘क’ प्रत हातात पडते, त्यात शेजाऱ्याने किती आर दाबले ते रंगवलेलं असतं. इथे दुसरी मोठी गफलत होते. ‘क’ प्रत मिळाली म्हणजे जमीन मिळाली असं समजून माणूस दुसऱ्याच दिवशी ट्रॅक्टर घालतो. भूमी अभिलेख खातं हद्द दाखवतं, ताबा देत नाही. ताबा द्यायचा अधिकार भूकरमापकाला नाही. नकाशा खरा असला तरी तो हातात घेऊन जबरदस्तीने शेजाऱ्याच्या वहिवाटीत शिरणारा माणूस गुन्ह्यात अडकतो, आणि कालपर्यंत ज्याची बाजू बरोबर होती तो आज आरोपी होऊन ठाण्यात बसतो. हे मला या सगळ्या विषयातलं सर्वांत दुःखाचं वाटतं.

ताब्यासाठी दोन दारं आहेत. एक महसुलाचं. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम १९६६ चं नववं प्रकरण सगळं हद्दींवर आहे. हद्दीचा वाद चौकशी करून ठरवण्याचा अधिकार कलम १३५ देतं, हद्द आखून देण्याचा कलम १३६. या प्रकरणाखाली हद्द ठरली की कलम १३८ प्रमाणे ती रेषा कुठे आहे आणि तिच्या दोन्ही अंगांना कुणाचा हक्क पोचतो, या दोन्ही गोष्टी ठरल्या असं मानलं जातं. ज्याच्याकडे पलीकडची जमीन चुकीने राहिली आहे त्याला जिल्हाधिकारी संक्षिप्त कारवाईने तिथून काढू शकतात. त्या हुकमावर अपील आहे, आणि ज्याला काढलं त्याला मालकी सिद्ध करायला एक वर्षाच्या आत दिवाणी दावाही करता येतो. हे कलम कागदावर फार कामाचं आहे, पण गावात त्याची माहिती फार थोड्यांना असते. वावरात जायला धुऱ्यावरून रस्ता मागायचा असेल तर कलम १४३ आहे. असलेला रस्ता किंवा पाण्याचा पाट अडवला असेल तर मामलेदार न्यायालय अधिनियम १९०६ चं कलम ५ आहे, आणि तिथे सहा महिन्यांच्या आत जावं लागतं. मुदत गेली की तहसीलदाराचे हात बांधले जातात. ‘पाहू, समजुतीनं मिटंल’ म्हणत सात महिने काढणाऱ्यांचं नुकसान इथे होतं.

दुसरं दार दिवाणी न्यायालयाचं. जिल्ह्याचं मुख्य न्यायालय बुलढाण्याला, आणि तालुक्यांच्या ठिकाणी दिवाणी न्यायालयं. तिथे सर्वांत जास्त दाखल होतो तो नुसत्या मनाईचा दावा. प्रतिवादीने माझ्या वहिवाटीत अडथळा आणू नये, एवढीच मागणी. वावर मोजलेलंच नसतं, धुरा कुठे आहे हेच वादात असतं, आणि दाव्यात मात्र ‘वादी गट नंबर अमुकचा मालक व वहिवाटदार आहे’ एवढं लिहून मनाई मागितलेली असते. दोघेही आपापल्या गटाचे मालक आहेत, याबद्दल वाद कुणाचाच नाही. वाद मधल्या पट्ट्याचा आहे आणि तो पट्टा दाव्यात कुठेच नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ७ नियम ३ प्रमाणे दाव्यातली मिळकत ओळखता येईल अशी वर्णावी लागते. अतिक्रमण झालं असेल तर किती आर, कुठल्या बाजूने, कुठून कुठपर्यंत हे नकाशासह लिहून त्याचा ताबा मागावा लागतो. मनाईने गेलेला ताबा परत येत नाही. पाच-सहा वर्षं तारखा करून शेवटी ‘अतिक्रमण शाबीत नाही’ असा निकाल हातात पडलेली माणसं या जिल्ह्यात गावोगावी आहेत, आणि त्यातल्या कित्येकांचं अतिक्रमण खरंच झालेलं होतं.

शाबीत का होत नाही? वादीने एकट्याने करून घेतलेली मोजणी, नकाशा दाखल, पण तो काढणाऱ्या भूकरमापकाला साक्षीला बोलावलेलं नाही. किंवा बोलावलं, आणि उलटतपासणीत निघालं की त्याने वादीचाच गट मोजला, शेजारचा मोजलाच नाही. एका बाजूची जमीन भरली की नाही हे पाहायला दुसऱ्या बाजूचीही मोजावी लागते. मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने २००५ मधल्या एका निकालात अशा वादांत दोन्ही बाजूंच्या जमिनींची संयुक्त मोजणी व्हायला हवी, यावर भर दिला. सर्वोच्च न्यायालयाने २००८ मध्ये हरियाणा वक्फ बोर्डाच्या प्रकरणात सांगितलं, की शेजारच्या जमिनींच्या हद्दीचा वाद असेल तर न्यायालयाने आदेश २६ नियम ९ खाली स्थानिक कमिशनर नेमून जागेची तपासणी करवून घ्यायला हवी होती. कोर्ट कमिशनर म्हणून बहुधा तालुक्याच्या भूमी अभिलेखाचाच माणूस नेमला जातो, पण आता तो न्यायालयाच्या हुकमाने आलेला असतो. दोन्ही पक्षांना नोटीस जाते, दोघांचे गट एकाच बैठकीत मोजले जातात आणि त्याचा अहवाल दाव्यात पुरावा म्हणून येतो. पटला नाही तर त्याला पिंजऱ्यात उभं करून प्रश्न विचारता येतात.

म्हणून माझं म्हणणं असं, की धुऱ्याचा दावा लागला की दोन्ही वकिलांनी पहिल्या काही तारखांतच संयुक्त मोजणीचा अर्ज द्यावा. साक्षीपुरावा संपल्यावर, युक्तिवादाच्या तोंडावर तो देऊ नये. तोपर्यंत वर्षं गेलेली असतात आणि ‘पुरावा गोळा करण्यासाठी कमिशनर नेमता येणार नाही’ ही हरकत ठरलेली असते. हद्दीच्या वादात धुरा कुठे आहे हा प्रश्न जागेवर सुटतो, तोंडी साक्षीने सुटत नाही. वादीच्या बाजूने चार शेजारी शपथेवर सांगतात की धुरा बाभळीपाशी होता, प्रतिवादीच्या बाजूने चार सांगतात की विहिरीपाशी होता. आठही माणसं गावातलीच, आणि निकालानंतर गावातच राहणारी. त्यांना त्या पिंजऱ्यात आणण्याआधी साखळी वावरात पडली, तर निम्मे दावे तिथेच मिटतील असं मला वाटतं.

मोजणीलाही एक मोठी मर्यादा आहे आणि ती भावाभावांच्या वादात दिसते. बापाच्या नावावर सहा एकरांचा एक गट, तिघा भावांनी तीस वर्षांपूर्वी तोंडी वाटून घेतला, दोऱ्या टाकून धुरे घातले. सातबाऱ्यावर तिघांची नावं आली, पण पोटहिस्से पडले नाहीत, फाळणी झाली नाही. आता पुढच्या पिढीत मधला धुरा सरकला. भूकरमापक येईल आणि सहा एकरांची बाहेरची हद्द दाखवेल. आतला धुरा तो दाखवू शकत नाही, कारण त्याच्या कागदात तो धुरा कधी जन्मलाच नाही. इथे हद्द कायम मोजणीचा अर्ज, त्यावर निमताना, त्यावर तक्रार असं कितीही केलं तरी हाती काही लागत नाही. आधी वाटणी झाली पाहिजे. सगळे राजी असतील तर जमीन महसूल अधिनियमाच्या कलम ८५ खाली तहसीलदाराकडून किंवा नोंदणी केलेल्या वाटणीपत्राने. राजी नसतील तर दिवाणी न्यायालयात वाटपाचा दावा, आणि हुकूमनामा झाल्यावर संहितेच्या कलम ५४ प्रमाणे प्रत्यक्ष वाटप जिल्हाधिकाऱ्यांमार्फत. बहिणींचा हिस्सा त्यात धरावाच लागतो. तो वगळून केलेली वाटणी पुढे मोडते आणि धुरे पुन्हा नव्याने पडतात.

बारा वर्षांचा मुद्दाही प्रत्येक धुऱ्याच्या वादात निघतो. ‘आमची बाप-आज्यापासून वहिवाट हाय’ एवढं म्हणणं पुरत नाही. मुदत कायदा १९६३ च्या अनुच्छेद ६५ प्रमाणे ताब्याच्या दाव्याला बारा वर्षांची मुदत आहे, ती प्रतिवादीचा ताबा मालकाच्या हक्काविरुद्ध सुरू झाल्यापासून मोजली जाते. उघड, सलग आणि मालकाच्या विरोधातला ताबा होता हे सांगणाऱ्यालाच शाबीत करावं लागतं. जो म्हणतो धुरा होता तिथेच आहे, मी इंचभरही सरकवला नाही, त्याला त्याच दमात ती जमीन दाबून बारा वर्षं झाली असं म्हणता येत नाही. तरीही दोन्ही बचाव एकाच कैफियतीत दिलेले सर्रास सापडतात.

गावठाणातल्या भिंतीचे, पन्हाळीच्या पाण्याचे, ओट्याचे वाद याहून अवघड. तिथे कित्येक गावांत नकाशाच नव्हता, होता तो ग्रामपंचायतीचा नमुना आठ, आणि तो कर आकारणीचा कागद आहे, मालकीचा नव्हे. एप्रिल २०२० मध्ये सुरू झालेल्या स्वामित्व योजनेत ड्रोनने गावठाणं मोजून मिळकत पत्रिका द्यायला सुरुवात झाली. चुन्याने हद्दी आखायच्या त्या दिवशी घरमालकाने हजर राहावं, एवढंच इथे सांगतो. भिंत कुणाची हे ज्या दिवशी ठरतं त्या दिवशी माणूस वावरात किंवा लग्नाला गेलेला असतो, आणि मग वर्षानुवर्षं दुरुस्तीच्या अर्जामागे फिरतो.

मिटवण्याच्या वाटा आहेत, आणि त्या कमीपणाच्या नाहीत. दावा चालू असताना लोकअदालतीत तडजोड झाली तर तो हुकूमनामा होतो, त्यावर अपील नाही, आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते. २००७ पासूनच्या तंटामुक्त गाव मोहिमेत दिवाणी आणि महसुली तंटेही गावात मिटवायचे होते, पण गावच्या बैठकीतली तडजोड नकाशाशिवाय लिहिलेली असते आणि पुढच्या पेरणीला ती कुणाला आठवत नाही. सरकारने जानेवारी २०२३ मध्ये सलोखा योजना आणली. एकाची जमीन दुसऱ्याच्या आणि दुसऱ्याची पहिल्याच्या ताब्यात किमान बारा वर्षं असेल, तर हजार रुपये मुद्रांक शुल्क आणि हजार रुपये नोंदणी फी भरून अदलाबदलीचा दस्त करता येतो. तलाठी आणि मंडळ अधिकारी पंचनामा करतात. गट नंबर उलटसुलट लागलेल्या शेजाऱ्यांसाठी ही योजना वरदान आहे. धुरा कोरल्याच्या तक्रारीला मात्र ती लागू पडत नाही, हे लक्षात घ्यावं.

तडजोड असो की हुकूमनामा, शेवटचं काम वावरातच उरतं, आणि नेमकं तेच राहून जातं. निकाल लागतो, अपील होतं, नागपूरला दुसरं अपील होतं, ते फेटाळलं जातं, आणि दरखास्त करून बेलिफाबरोबर जाऊन दगड रोवून घ्यायचा कंटाळा केला जातो. दोन पावसाळ्यांत रेघ पुसली जाते. जमीन महसूल अधिनियमाचं कलम १४० हद्दीच्या निशाण्या शाबूत ठेवण्याची जबाबदारी खातेदारावर टाकतं. त्या मोडू नयेत, हलवू नयेत यासाठी लक्ष ठेवणं हे गावच्या महसूल नोकरांचं काम आहे. निशाणी मुद्दाम हलवणाऱ्याला कलम १४५ खाली दंड आहे. उन्हाळ्यात तलाठ्याने कोतवालाला घेऊन शिवारात फिरावं, हरवलेले दगड वहीत टिपावे आणि खातेदाराला मृगाआधी ते बसवायला लावावे. जिल्ह्याच्या तेराही तालुक्यांत हे काम एप्रिल-मे महिन्यांत ठरलेल्या तारखांना व्हायला हवं आणि त्या तारखा ग्रामपंचायतीच्या फलकावर लागायला हव्यात, म्हणजे दोन्ही बाजूंचे धुरेकरी त्या दिवशी वावरात हजर राहतील.